किमयागाराचा हातगुण: ‘पोशन क्राफ्ट’ या खेळाचे परीक्षण

वैद्याची चौकशी करताना आपल्याकडे अजूनही त्याच्या पदवीच्या आधी त्याचा हातगुण विचारला जातो. तेच औषध, तीच मात्रा, पण अमक्याच्या हातून घेतले की उतार पडतो, असे ठामपणे सांगणारी माणसे गावोगाव भेटतात. जादूच्या काल्पनिक जगात घडणाऱ्या संगणकीय खेळांत अर्क, रसायने आणि काढे बनवणारे पात्र जवळजवळ नेहमीच असते. परंतु त्यालाही हातगुण असू शकतो, हे या खेळांच्या कर्त्यांना सहसा सुचत नाही. तिथे अर्क बनवणे म्हणजे यादीतून दोन पाने आणि एक रिकामी बाटली निवडणे, बटण दाबणे आणि पडद्यावरची पट्टी भरेपर्यंत बसून राहणे. हे काम किमयागाराचे नसून कोठारातल्या कारकुनाचे आहे. ‘पोशन क्राफ्ट: अल्केमिस्ट सिम्युलेटर’ हा खेळ मी पस्तीसेक तास खेळले आणि त्यातले पहिले पंधरा-सोळा तास मनापासून रमले, ते यातल्या किमयागाराला स्वतःच्या हातांनी काम करावे लागते म्हणून.

हा खेळ नाइसप्ले गेम्स या छोट्या चमूने घडवला असून टायनीबिल्ड या कंपनीने तो प्रकाशित केला आहे. सप्टेंबर २०२१ मध्ये तो अपूर्ण अवस्थेतच विक्रीला आला आणि डिसेंबर २०२२ मध्ये त्याची पूर्ण आवृत्ती निघाली. कथानक म्हणावे असे त्यात फारसे काही नाही. एका सोडून दिलेल्या घरात आपण मुक्काम करतो; तिथे एक प्रयोगशाळा आहे, रस्त्याकडे उघडणारे दुकान आहे, मागे बाग आहे, निजायची खोली आहे आणि तळघरात एक मोडके, प्रचंड यंत्र धूळ खात पडले आहे. सकाळी उठून बागेत उगवलेले खुडायचे, दिवसभर अर्क बनवून विकायचे आणि रात्री निजायचे, हा दिनक्रम. लढाई नाही, राक्षस नाहीत, जगाला वाचवण्याची जबाबदारीही नाही. जगाला वाचवायला निघालेली माणसे दुकानात येतात, लागेल ते विकत घेतात आणि निघून जातात. आपण मागे राहून खल धुऊन ठेवतो, असे म्हणायला हरकत नाही.

खेळाचा प्राण प्रयोगशाळेत आहे. तिथे एक हंडा, एक खलबत्ता, एक पळी, पाण्याचे भांडे आणि निखारे फुलवणारा भाता एवढेच सामान आहे, आणि समोर जुन्या चर्मपत्रावर काढल्यासारखा एक नकाशा पसरलेला आहे. नकाशाच्या मध्यभागी एक लहानशी बाटली उभी असते. ती म्हणजे हंड्यात शिजत असलेला आपला अर्क. नकाशावर ठिकठिकाणी बाटलीच्याच आकाराच्या आकृत्या दडलेल्या आहेत आणि प्रत्येक आकृती म्हणजे एकेक गुण: जखम भरण्याचा, विषाचा, थंडीचा, आगीचा, झोपेचा, बळाचा, अदृश्य होण्याचा आणि असे बरेच. आपल्या बाटलीला तिथवर चालवत न्यायचे आहे. तिला चालवणारी वाट प्रत्येक वनस्पतीच्या अंगात असते. एखादी मुळी सरळ जाते, एखादे अळंबे नागमोडी वळणे घेते, एखादे फूल आधी उलट्या बाजूला जाऊन मग मोठा वळसा घालते. दिशा चार तत्त्वांना वाटून दिलेल्या आहेत, त्यामुळे आगीशी नाते सांगणारे फूल ज्या बाजूला ओढते, त्याच्या नेमके विरुद्ध पाण्याशी नाते सांगणारे फूल ओढते. तीच गत वायू आणि पृथ्वी यांची. आपल्या पंचमहाभूतांपैकी आकाश तेवढे यात नाही, कारण खेळ ज्या युरोपीय किमयेवर बेतलेला आहे तिने ग्रीकांची चारच तत्त्वे मानली होती.

वनस्पती हंड्यात टाकली की तिची वाट नकाशावर ठिपक्यांनी उमटते. ती न घोटता टाकली तर वाट थोडीच लांब असते. खलात घालून बत्त्याने जितकी बारीक करावी तितकी ती पुढे वाढत जाते. मग पळीने ढवळायला लागले की बाटली त्या वाटेवरून सरकते, आणि ढवळणे थांबवले की जिथल्या तिथे उभी राहते. वरून पाणी ओतले तर ती सरळ रेषेत मध्यभागाकडे मागे येते. हव्या त्या आकृतीवर बाटली आणून ठेवली, भाता ओढून निखारे फुलवले आणि हंड्याला उकळी आली, की तो गुण अर्कात बसतो. आकृतीला बाटली नुसती टेकली असेल तर गुण पहिल्या दर्जाचा, बरीचशी बसली असेल तर दुसऱ्या, आणि कड न् कड जुळली असेल तर तिसऱ्या दर्जाचा. एवढे नियम आहेत. कागदावर ते दोन परिच्छेदांत मावतात आणि हाताला यायला दोन संध्याकाळी लागतात.

झोपेचा अर्क तिसऱ्या दर्जाचा करायचा मी पहिल्यांदा प्रयत्न केला तो प्रसंग सांगण्यासारखा आहे. मी धरलेली वाट हाडांच्या एका पट्ट्याला अगदी लागून जात होती. नकाशावर जागोजागी अशी हाडे-कवट्या पसरलेल्या आहेत, आणि बाटली त्यांच्यावरून गेली की तिचे आयुष्य झपाट्याने कमी होते. संपले की अर्क नासतो, घातलेला माल वाया जातो आणि बाटली पुन्हा मध्यभागी येऊन उभी राहते. एक वनस्पती मी पूर्ण घोटली होती आणि दुसरी अर्धवट, कारण तिच्या वाटेचा शेवटचा आकडा सरळ हाडांत शिरत होता. तेवढाच शेंडा कापला जावा म्हणून बत्त्याचे घाव मोजून घातले. ढवळताना पळी जरा जोरात फिरली, बाटलीचा तळ हाडांना घासला आणि निम्मे आयुष्य गेले. मग मी श्वास रोखून, पळी बोटभर इकडे आणि बोटभर तिकडे करत, उरलेली वाट काढली. आकृतीच्या जवळ पोहोचल्यावर कळले की बाटली थोडी वर गेली आहे. पाण्याचे दोन थेंब, केवळ दोन, ओतले. ती खाली उतरली. पुन्हा एक थेंब. भाता ओढताना माझी मान पडद्याच्या इतकी जवळ गेली होती की नंतर ती दुखत राहिली. गुण तिसऱ्या दर्जाचा बसला. तो अर्क मी त्या दिवशी विकला नाही, फळीवर ठेवून दिला.

या खलाशी बसले की मला घरातली सहाण आठवते. बाळगुटी उगाळणारी आजी प्रत्येक मात्रेचे वेढे मोजत असे: हळकुंडाचे इतके, वेखंडाचे इतके, मुरुडशेंगेचे इतके, आणि जायफळाची पाळी आली की हात आवरता घेत असे, कारण जायफळ जास्त उतरले तर मूल दिवसभर सुस्त पडून राहील, असे तिचे म्हणणे होते. वजनकाटा नव्हता, चमचा नव्हता. माप होते ते दगडावर फिरणाऱ्या मनगटात, आणि सहाणेवर उतरलेल्या रंगाच्या दाटपणात. एकाच घरातल्या दोन सुना तेच जायफळ तितकेच वेढे उगाळत, तरी एकीचा हात जड आणि दुसरीचा हलका, असे बोलले जाई. ‘पोशन क्राफ्ट’ने नेमके हे पकडले आहे. अर्कात काय घातले याइतकेच ते किती घोटले, कोणत्या क्रमाने घातले, कुठे थांबले आणि पाणी केव्हा ओतले, याला इथे महत्त्व आहे. त्यामुळे दोन खेळाडूंचा झोपेचा अर्क एकाच दर्जाचा असला, तरी त्यांनी काढलेल्या वाटा बहुधा वेगळ्या असतात. एकाने स्वस्तातल्या अळंब्यांचा लांबचा फेरा घेतलेला असतो, तर दुसऱ्याने महागड्या खड्याने मधला रस्ता कापलेला असतो.

दुसऱ्या खेळांशी तुलना केल्यावाचून याचे वेगळेपण लक्षात येणार नाही, म्हणून थोडक्यात सांगते. ‘स्कायरिम’ या २०११ सालच्या लोकप्रिय खेळातली किमया मला आवडते. तिथे प्रत्येक घटकाला चार गुण असतात, ते आधी ठाऊक नसतात, घटक खाऊन पाहिला की त्यातला एखादा कळतो, आणि समान गुण असलेले दोन-तीन घटक एकत्र केले की अर्क तयार होतो. शोधाची मजा त्यात आहे, कसबाची नाही. एकदा जोडी सापडली की पुढचे शंभर अर्क शंभर टिचक्यांचे. गस्ट या जपानी कंपनीची ‘अटेलिए’ ही मालिका तर १९९७ पासून किमयागारालाच नायक करत आली आहे, आणि तिच्यात घटकांच्या प्रतीचा बारकाईने विचारही आहे, परंतु तो विचार बुद्धिबळाच्या जातीचा आहे, हाताचा नव्हे. ‘पोशन क्राफ्ट’मध्ये बुद्धी लागते, पण हात थरथरला तर बुद्धीचा उपयोग नाही.

जसजसे खेळत जावे तसतसा नकाशा उघडत जातो आणि सामानही वाढते. खनिजे आणि स्फटिक यांची वाट चालायची नसते. ते बाटलीला एका ठिकाणाहून उचलून दुसऱ्या ठिकाणी टाकतात, त्यामुळे हाडांचा पट्टा ओलांडता येतो, अर्थात भरपूर पैसे मोजून. नकाशावर भोवरे आहेत. त्यांत बाटली शिरली आणि भाता चालवला की ती गरगरत आत ओढली जाते, आणि अनुभवी खेळाडू याचा उपयोग फुकटच्या प्रवासासाठी करतात. पुढे वेगवेगळी जादूई लवणे हाती येतात: एक चालून झालेल्या वाटेच्या पुढचे ठिपके पुसते, दोन बाटलीला डावी-उजवीकडे कलती करतात, एक तिचे गेलेले आयुष्य भरून देते. कलती करणारी लवणे मिळाल्यावरच कळते की काही आकृत्या तिरप्या का काढल्या होत्या, आणि आपण इतके दिवस त्यांच्यावर सरळ बाटली ठेवून दर्जा का मिळत नाही म्हणून डोके का आपटत होतो. पाण्याखेरीज तेल आणि मद्य हे आणखी दोन आधारद्रव भेटतात, आणि प्रत्येकाचा नकाशा निराळा. आयुर्वेदाची थोडी ओळख असलेल्या वाचकाला काढा, तेल आणि आसव ही त्रयी इथे आपोआप आठवेल. द्रव बदलला की त्याच वनस्पतीकडून वेगळे काम करून घेता येते, हा विचार आपल्याला परका नाही.

दुकानाच्या बाजूने पाहिले तर खेळ प्रयोगशाळेइतका बारीक विणलेला नाही, तरी त्यात एक गोष्ट फार चांगली साधली आहे. गिऱ्हाईक अर्काचे नाव क्वचितच घेते. ते गाऱ्हाणे सांगते. कुणाला झोप येत नाही, कुणाचे पीक वाढत नाही, कुणाला वाटेतला खडक हटवायचा आहे, कुणाला रात्री कुठेतरी जायचे आहे आणि कुणी पाहू नये असे वाटते. त्या बोलण्यातून गुण ओळखणे आपल्याकडे आहे, आणि पुष्कळदा एकाच गाऱ्हाण्यावर दोन-तीन वेगवेगळे अर्क चालतात. जुन्या काष्ठौषधीच्या दुकानात हेच चालते. माणूस येतो, ‘पोटात गुबारा धरतो’ म्हणतो, आणि गल्ल्यावरचा म्हातारा न विचारता ओवा, बाळहिरडा, काळे मीठ असे काढून पुडी बांधतो. ती समज खेळाने घेतली आहे.

तिच्यासोबत एक पेचही आला आहे. विष मागणारी माणसे येतात आणि त्यांतली काही उंदरांची तक्रार घेऊन आलेली नसतात, हे त्यांच्या चेहऱ्यावरून कळते. त्यांना माल दिला तर पैसा मिळतो आणि लौकिक घसरतो. लौकिक कोणत्या बाजूला झुकला आहे यावर पुढे कोणत्या जातकुळीची गिऱ्हाइके दाराशी येतील हे ठरते. नकार देण्याची मुभा आहे. मी सुरुवातीला सगळ्या संशयितांना परत पाठवले. मग एकदा मोठी खरेदी अडली होती, गल्ल्यात जेमतेम नाणी होती आणि एक डोळा झाकलेला गृहस्थ विषाला दुप्पट भाव देत समोर उभा होता. मी त्याला विष दिले आणि नंतर तीन-चार दिवस लोकांच्या जखमांवर अर्क देऊन तो डाग धुतला. खेळाने याबद्दल मला एक शब्दही सुनावला नाही. आकडा खाली गेला, आकडा वर आला. इथे खेळ थोडा अधिक धीट असता तर बरे झाले असते. त्या विषाचे पुढे काय झाले, हे मला कुणीतरी दुकानात येऊन सांगायला हवे होते.

भावाच्या घासाघिशीबद्दल मात्र माझे मत प्रतिकूलच आहे. गिऱ्हाइकाशी भाव करायचा म्हणजे एका आडव्या पट्टीवर इकडून तिकडे फिरणारा काटा ठरावीक खुणांवर असताना बटण दाबायचे. नेम बसला तर किंमत चढते, चुकला तर उतरते. घासाघीस हा बोलण्याचा खेळ आहे, बोटांच्या चपळाईचा नाही. ‘शेवटचे काय द्याल’ विचारणारे गिऱ्हाईक, ‘अजून भवानी व्हायची आहे, रिकाम्या हाती पाठवू नका’ म्हणणारा दुकानदार, पाठ फिरवून चार पावले जाणे आणि मागून हाक येते का याकडे कान लावणे, यांतले काहीएक त्या काट्यात नाही. शिवाय प्रयोगशाळेत ज्या खेळाने मला सावकाश, हळुवार हात वापरायला शिकवले, त्याच खेळाने दुकानात आल्यावर एकदम टिचक्या मारायला लावाव्यात, हा स्वभावाचा भंग वाटतो. दिवसाला दहा गिऱ्हाइके आणि प्रत्येकाशी तोच काटा. विसाव्या दिवशी मी भाव करणेच सोडले आणि मिळेल त्या किमतीला माल दिला.

आता माझ्या मुख्य आक्षेपाकडे येते. तयार केलेल्या अर्काची कृती वहीत नोंदवून ठेवता येते, बाटलीचा आकार, रंग आणि चिठ्ठीवरचे चिन्ह आपल्या पसंतीने ठरवता येते, नावही देता येते. इथवर सगळे लोभस आहे. मी माझ्या झोपेच्या अर्काला ‘जायफळ’ असे नाव दिले, बाटली बुटकी निवडली आणि तिला तपकिरी रंग दिला. पण वहीतली कृती उघडून बटण दाबले, आणि लागणारा माल घरात असला, की तोच अर्क त्याच दर्जाचा आपोआप तयार होतो. खल नाही, पळी नाही, भाता नाही. एकदा हाताने साधलेली गोष्ट पुढे कायमची यंत्राच्या हवाली होते. मग दहाव्या, पंधराव्या तासानंतर काय घडते, तर नवीन गुण शोधण्याचे प्रसंग कमी होत जातात, वहीतली पाने भरतात, आणि किमयागार हळूहळू वाण्यासारखा मालाची ने-आण करू लागतो: कोणत्या व्यापाऱ्याकडून किती अळंबी घ्यायची, कोणत्या अर्कात किती नफा सुटतो, उद्याच्या गिऱ्हाइकांसाठी किती बाटल्या भरून ठेवायच्या. ज्या कारकुनीला कंटाळून मी या खेळाकडे आले होते, ती मागच्या दाराने पुन्हा आत आली.

वही नसती तर खेळ असह्य झाला असता, हे मला मान्य आहे. जखमेचा तोच अर्क शंभर वेळा हाताने करायला कुणाला सवड आहे? कारागिराच्या खऱ्या आयुष्यातही शंभर सारखे माठ, शंभर सारख्या वहाणा असतातच, आणि त्याचा कंटाळा त्यालाही येतो. परंतु खरा कारागीर शंभराव्या माठात काहीतरी नवे शिकलेला असतो. त्याचा हात शंभर माठांनी घडतो. इथे माझा हात पहिल्या अर्कापाशीच थांबला. दहा बाटल्या एकदम भरताना निदान शेवटची उकळी तरी माझ्याकडे ठेवली असती, किंवा हाताने केलेल्या अर्काला वहीतल्या अर्कापेक्षा दोन नाणी जास्त मिळाली असती, तरी माझी तक्रार निम्म्याने कमी झाली असती.

या उतरणीवर खेळाला सावरते ते तळघर. तिथले मोडके यंत्र टप्प्याटप्प्याने दुरुस्त करत न्यायचे आणि त्यात आपले उत्तमोत्तम अर्क घालून एकामागून एक दुर्मीळ पदार्थ सिद्ध करायचे, हे खेळाचे दूरचे उद्दिष्ट आहे. त्यांची नावे नायग्रेडो, अल्बेडो, सिट्रिनिटास आणि रुबेडो अशी आहेत. ती खेळकर्त्यांनी मनाने रचलेली नाहीत. युरोपातल्या किमयागारांनी आपल्या महाकार्याचे हेच चार टप्पे मानले होते, आणि त्यांचा अर्थ अनुक्रमे काळे पडणे, पांढरे होणे, पिवळे होणे आणि तांबडे होणे असा आहे. त्या वाटेच्या टोकाला आहे तो परीस. आपल्या संतांनी लोखंडाला स्पर्श करून त्याचे सोने करणारा परीस इतक्या वेळा दृष्टांतात वापरला आहे की तो एखाद्या शेजाऱ्यासारखा ओळखीचा झाला आहे. पण आपल्या कल्पनेतला परीस सापडतो, कुणाच्या तरी वाट्याला येतो, आणि युरोपीय किमयागाराचा परीस घडवावा लागतो, वर्षानुवर्षे, भट्टीपुढे बसून. घडवण्याची ही बाजू आपल्याकडे रसशास्त्रात होती. पाऱ्यावर करायच्या स्वेदन, मर्दन, मूर्च्छन अशा संस्कारांत मर्दन म्हणजे पारा खलात घोटत राहणेच, आणि वनस्पतीच्या रसात पुन:पुन्हा घोटून सुकवण्याला भावना देणे असे नाव आहे. ‘किमया’ हा आपला रोजचा शब्दही फारसी-अरबीतून आलेला आणि इंग्रजीतल्या ‘अल्केमी’चा सख्खा भाऊ आहे. त्यामुळे मराठी वाचकाला या तळघरात पाहुण्यासारखे वाटणार नाही. यंत्रासाठी लागणारे अर्क एकाहून अधिक गुणांचे असतात, एकाच बाटलीत पाचपर्यंत गुण बसवता येतात, आणि असा मिश्र अर्क करताना नकाशाच्या एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडे जाताना वही फारशी कामाला येत नाही. तिथे पुन्हा खल लागतो, पळी लागते, पाण्याचे थेंब मोजावे लागतात. माझ्या पस्तीस तासांतले शेवटचे सहा-सात तास त्यामुळे पुन्हा सोन्यासारखे गेले. मधले दहा-बारा तास कोरडे होते, हे मात्र विसरता येत नाही.

चित्रांविषयी थोडेच बोलते, कारण ती पाहण्याची गोष्ट आहे. सारा खेळ मध्ययुगीन हस्तलिखितांच्या धर्तीवर रेखाटलेला आहे: पिवळसर कागद, काळ्या शाईची जाड रेघ, विटकरी, मोरचुदी आणि गेरूचे मंद रंग, आणि पोथीच्या समासातून उठून आल्यासारखी विचित्र चेहऱ्यांची माणसे. हालचाल फार कमी आहे, पण जी आहे ती वजनदार आहे. बत्त्याखाली पाने चुरडताना, फुगलेला भाता दाबताना, हंड्यात काहीतरी डुबुकन पडताना जो आवाज येतो, त्यावर कुणीतरी मन लावून काम केलेले आहे. खल हलवला की आतला चुरा एका कडेला जमतो, आणि न राहवून मी तो कितीदा तरी उगाचच हलवला.

हा खेळ माउसने खेळावा असे माझे स्पष्ट मत आहे, कारण पळीचा अर्धा वळसा आणि पाण्याचा एक थेंब हे मनगटाचे काम आहे. यातले इंग्रजी सोपे आणि मजकूर थोडा आहे. तेरा-चौदा वर्षांच्या मुलांना तो सहज खेळता येईल, विष आणि शाप यांचे अर्क आहेत एवढे पालकांनी लक्षात घ्यावे. ज्यांना गोष्ट हवी, पात्रांची सुखदुःखे हवीत, त्यांना इथे काही मिळणार नाही. सवलतीच्या दिवसांत घेतला तर मधल्या कोरड्या तासांचा राग कमी येतो. पाचपैकी साडेतीन तारे मी देते, आणि त्यातले तीन एकट्या प्रयोगशाळेचे आहेत.

खेळ संपल्यावरही मी आठवड्यातून एखाद्या रात्री दुकान उघडते. गिऱ्हाइकांना वहीतले अर्क देते, भाव करत नाही. ‘जायफळ’चे पान मात्र मी वहीतून काढून टाकले आहे, झोप न येणारे कुणी आले की त्याला थोडे थांबायला सांगून मी आत जाते आणि खल पुढे ओढते.